मांडवाचे रंग आले कुठून?



गेले तीन महिने मी इथे काही लिहिलं नाही, कारण घरात लेकीचं लग्न होतं. आता पाहुणे गेले, भाड्याची भांडी परत गेली आणि जरा टेकायला वेळ मिळाला. लग्नाला आलेल्या बऱ्याच जणींनी विचारलं, "मांडवाचे, कपड्यांचे रंग असे कसे गं निवडले?" त्याचं उत्तर दोन वाक्यांत देता येईना. कारण रंग ठरवता ठरवता मी दोन महिने इतिहासच वाचत बसले होते. तो आज तुम्हाला सांगते.

सुरुवात भांडणापासून झाली. लेकीला हॉल नको होता. "आपल्या मळ्यातच करू, दिवसा करू, माणसं झाडाखाली आरामात बसू देत," असं तिचं म्हणणं. मला ते आवडलंच. सूर्यास्ताच्या आत सगळ्यांची जेवणं होणार, रात्रीचे दिवे नाहीत, दिव्यांवर झेपावून मरणारे किडे नाहीत. पण मग तिनं मोबाइलवर रंग दाखवले. फिका हिरवा, अबोलीसारखा फिका केशरी, पांढुरका आणि कुठेतरी किंचित जांभळट. सासूबाईंनी चष्मा लावून बघितलं आणि विचारलं, "लगीन हाय का सुतक गं?"

मी मनातून सासूबाईंच्याच बाजूची होते. माझ्या पेटीत माझ्या आईचा हिरवा रेशमी शालू आहे. तिचं लग्न १९७१ सालचं. ती जाऊन आता आठ वर्षं झाली. लेक बोहल्यावर हाच शालू नेसून उभी राहील, हे मी केव्हाच ठरवून टाकलं होतं. लेकीनं शालूवरून हात फिरवला आणि म्हणाली, "आज्जीचा आहे म्हणून जीव आहे गं आई माझा यात. पण हा विणताना किती जीव गेले असतील?"

मी चिडले. म्हटलं, "लाल-हिरवं आणि रेशीम ही आपली परंपरा आहे." तिनं शांतपणे विचारलं, "कधीपासूनची?" मला सांगता येईना. म्हणून शोधायला बसले.

आधी लाल रंग घेऊ. आपल्या देशात कापड लाल रंगवण्याची कला फार जुनी आहे. मोहेंजोदडोच्या उत्खननात चांदीच्या भांड्याला चिकटून राहिलेला सुती कापडाचा तुकडा सापडला. तो मंजिष्ठेच्या जातीच्या लाल रंगानं रंगवलेला होता. म्हणजे चार हजार वर्षांपूर्वीही सुती कापड होतं आणि त्याला पक्का लाल रंग देता येत होता. मंजिष्ठेच्या मुळ्या उकळून, तुरटी लावलेल्या कापडावर तो चढवत. तसंच दुसरं झाड आलाचं. त्याचीही मुळंच लागत, आणि मुळांत रंग भरायला तीन-चार वर्षं थांबून मग सगळं झाड उपटावं लागे.

तिसरा लाल आपल्या ओळखीचा, कुसुंबा. कुसुंबा म्हणजे आपली करडई! रानात काट्याची म्हणून जिच्या जवळ जायला पोरं घाबरतात, तिच्याच पाकळ्यांत दोन रंग असतात. पाकळ्या पाण्यात चोळल्या की आधी पिवळं पाणी सुटतं. ते टाकून द्यायचं. मग त्याच पाकळ्या खाराच्या पाण्यात चोळून त्यात लिंबासारखं आंबट घातलं की लाल रंग उतरतो. एकदा बुडवलं की गुलाबी, पुन्हा पुन्हा बुडवलं की गडद. उन्हानं आणि धुण्यानं तो पुसट होत जायचा. म्हणजे ज्या फिक्या गुलाबीला आपण परदेशी फॅशन म्हणतो, तो आपल्या रंगाऱ्यांच्या माठातला एका बुडीचा रंग होता. हे वाचल्यावर माझा आवाज जरा खाली आला.

पण लाल याखेरीज आणखी दोन ठिकाणांहून यायचा, आणि तिथे मी थबकले. एक लाख. पळस, बोर, कुसुम अशा झाडांच्या फांद्यांवर लाखेचे किडे दाटीनं राहतात. फांद्या तोडून, खरवडून लाख काढतात, त्यात किडे मरतात. त्याच लाखेच्या धुण्याचा लाल रंग कापडाला आणि पायाच्या अळित्याला वापरत. दुसरा किरमिजी. हा शब्दच मुळी किड्यावरून आलाय. आपला 'कृमी' आणि अरबी-फारसीतला 'किर्मिझ' एकमेकांचे नातेवाईक मानले जातात, आणि इंग्रजीतला क्रिमसनही त्याच घरातला. भूमध्य समुद्राकडे ओकच्या झाडांवरचे किडे वाळवून हा रंग काढत. पुढे मेक्सिकोतल्या निवडुंगावरच्या किड्यांचा कोचिनील जगभर गेला. एका पौंड रंगाला साधारण सत्तर हजार किडे लागतात, असं सांगतात.

आपल्या पूर्वजांना हे ठाऊक नव्हतं असं नाही. श्रावकानं कोणते धंदे करू नयेत, याची पंधरा कर्मादानांची यादी आपल्या ग्रंथांत आहे. त्यात लाक्षावाणिज्य, म्हणजे लाखेचा व्यापार, स्पष्ट आहे. बाराव्या शतकात हेमचंद्राचार्यांनी योगशास्त्रात त्याचा अर्थ सांगताना लाखेच्या जोडीला मनशीळ आणि नीळही धरली आहे. दिगंबर परंपरेत पंडित आशाधरांनी सागारधर्मामृतात अशाच वर्ज्य धंद्यांची चर्चा केली आहे. मी लहानपणी पाठशाळेत ही नावं घोकली होती. पण लाक्षावाणिज्य आणि रुखवतातल्या लाखेच्या बांगड्या यांचा एकमेकांशी संबंध आहे, हे माझ्या ध्यानात कधी आलंच नाही.

आता नीळ का? तर निळीची पानं हौदात पाण्यात कुजवायची, मग ते पाणी माणसांनी तासन्‌तास घुसळायचं, आणि खाली बसलेला साका वाळवून वड्या पाडायच्या. कुजवण्यात अगणित जीव आले. पुढे इंग्रजांच्या काळात त्यात माणसंही आली. निळेवाले मळेवाले बंगालच्या शेतकऱ्यांना भाताऐवजी नीळ पेरायला लावत, आगाऊ पैसे देऊन पिढ्यान्‌पिढ्या अडकवून ठेवत. १८५९ साली तिथले शेतकरी उठले. चंपारणमध्ये विघ्यामागे तीन कट्टे जमिनीत नीळ लावायची सक्ती होती, त्यासाठी १९१७ साली गांधीजींना जावं लागलं.

आणि हिरवा? मैत्रिणींनो, हे मला सगळ्यात नवं होतं. एवढं हिरवं रान आजूबाजूला आहे, पण पानांचा तो हिरवा रंग कापडावर पक्का बसत नाही. जुने रंगारी आधी कापड निळीत बुडवत, मग त्यावर हळद किंवा डाळिंबाच्या सालीचा पिवळा चढवत. दोन्ही मिळून हिरवा. म्हणजे कृत्रिम रंग येण्याआधीच्या प्रत्येक हिरव्या शालूत नीळ होतीच.

कृत्रिम रंग आले ते १८५६ नंतर. लंडनमध्ये विल्यम पर्किन नावाचा अठरा वर्षांचा मुलगा हिवतापावरचं क्विनीन कोळशाच्या डांबरापासून बनवायला बघत होता. क्विनीन जमलं नाही, भांड्याच्या तळाशी जांभळा रंग मिळाला. १८६८ साली जर्मनीत ग्रेबे आणि लीबरमान यांनी मंजिष्ठेतला लाल रंग प्रयोगशाळेत तयार केला. १८९७ साली बीएएसएफ कंपनीनं कृत्रिम नीळ बाजारात आणली. पुढच्या काही वर्षांत आपल्याकडचा आल गेला, निळीचे हौद कोरडे पडले, रंगारी आणि निळीचं काम करणारे निराळी यांचा पिढीजात धंदा बसला. माझ्या आईच्या शालूचा हिरवा रंग १९७१ चा, म्हणजे कारखान्यातलाच. ज्याला मी हजार वर्षांची परंपरा म्हणत होते, तो झगझगीत एकसारखा लाल-हिरवा फार तर सव्वाशे-दीडशे वर्षांचा निघाला.

लेकीला हे सांगितलं तर ती हसली. मग मी तिलाही सोडलं नाही. म्हटलं, तुझा पांढुरका तरी कुठला जुना? युरोपात पूर्वी नवरी तिच्याकडे असलेला सगळ्यात चांगला पोशाख घाली, तो कुठल्याही रंगाचा असे. १८४० साली राणी व्हिक्टोरियानं लग्नात पांढरा पोशाख घातला, त्याची चित्रं छापून सगळीकडे गेली, आणि हळूहळू पांढरा म्हणजे नवरीचा रंग झाला. १८५८ साली तिच्या लेकीचं लग्न झालं तेव्हा नवरीची आई म्हणून ती फिकट जांभळ्या पोशाखात आली आणि त्या रंगाची लाट आली. तुझ्या मोबाइलवरचे दोन रंग त्या एका बाईच्या घरातले आहेत!

सासूबाई ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, "पांढऱ्याला आमची ना न्हाई. आर्यिका माताजी पांढऱ्यातच असत्यात. पण नवरीनं नेसायचं म्हणजे मन घेत न्हाई." त्यांचंही चूक नाही. आपल्याकडे पांढरा एकीकडे वैराग्याचा, एकीकडे विधवेचा. गुजराती जैन घरांत मात्र नवरीचं पानेतर पांढरंच असतं, त्याला लाल काठ किंवा लाल बांधणी. एका धर्माच्या दोन घरांत एकच रंग दोन अर्थांनी वावरतो.

म्हणजे कुठला रंग जुना, यावरून निवड होणार नव्हती. मग कशावरून करायची?

तेव्हा मला मंदिरातल्या भिंतीवरचं चित्र आठवलं. तुम्ही सगळ्यांनी ते बघितलेलं आहे. सहा वाटसरू आणि फळांनी लगडलेलं झाड. दहाव्या शतकातल्या नेमिचंद्र सिद्धांतचक्रवर्तींच्या गोम्मटसारात लेश्या समजावताना हाच दृष्टांत आहे. कृष्ण लेश्येचा माणूस झाड मुळापासून उपटू म्हणतो, नील लेश्येचा खोड तोडू म्हणतो, कापोतवाला मोठी फांदी, पीतवाला डहाळी, पद्मवाला फक्त फळं तोडू म्हणतो, आणि शुक्ल लेश्येचा म्हणतो, खाली पडलेली आहेत ती खाऊ. लहानपणी मला वाटायचं, ही रंगांची गोष्ट आहे. ही भूक भागवण्याच्या रीतीची गोष्ट आहे. भूक सहाही जणांना सारखीच होती.

कापडाच्या रंगांचीही तशीच उतरंड लागते. आलासाठी झाड मुळापासून जातं. लाखेसाठी फांदी जाते आणि तिच्यावरचे जीव जातात. डाळिंबाची साल मात्र फळ खाऊन झाल्यावर उरलेलीच असते. पळसाची फुलं शिमग्याच्या सुमाराला झाडाखाली सडा घालतात. पारिजातकाची तर पहाटे आपण होऊन गळतात, आणि त्यांच्या केशरी देठांचा रंग आपल्या आज्या-पणज्या काढत होत्या.

आणि लग्न म्हटलं की नेमिनाथ भगवान आठवायलाच हवेत. इसवी सन ७८३ मध्ये पूर्ण झालेल्या जिनसेनाचार्यांच्या हरिवंशपुराणात त्यांची कथा आहे. वरात निघालेली, राजुलमती नटून वाट बघतेय, आणि वाटेत कोंडलेल्या जनावरांचा आक्रोश ऐकू आला. आपल्या लग्नासाठी हे जीव जाणार म्हटल्यावर त्यांनी रथ वळवला तो थेट गिरनारकडे. आपण संसारी माणसं, आपल्याला रथ वळवायचा नाही. पण मांडवात कुणाचा आक्रोश दडलाय का, एवढं बघायला काय हरकत आहे? रेशमाचे कोश उकळत्या पाण्यात टाकतात तेव्हा आत जिवंत किडा असतो. एका साडीला असे हजारो कोश. कृत, कारित आणि अनुमोदित हे तिन्ही आपण रोज म्हणतो. रेशीम मी उकळलं नाही, पण विकत घेऊन मिरवलं, म्हणजे अनुमोदन झालंच.

शालू जुना आहे, नवीन जीव जाणार नाहीत, असा मुद्दा मी मांडून बघितला. लेक म्हणाली, "मला बघून चार मुली रेशीम घेतील त्याचं काय?" यावर मला उत्तर सापडलं नाही. पतंग कोशातून बाहेर पडू देऊन मग सूत काढायची रीत हैदराबादच्या कुसुमा राजय्या यांनी रुळवली आहे, ते अहिंसा रेशीमही आम्ही विचारात घेतलं. पण माघातलं ऊन, मोकळं रान, दिवसभर वावरायचं, म्हणून शेवटी सूतच ठरलं.

तर आम्ही काय काय केलं ते सांगते, कुणाला उपयोगी पडलं तर बघा.

नवरीला सुती इरकल घेतली, डाळिंबी रंगाची. मळ्यात सगळीकडे ऊस आणि गहू, मागे सगळं हिरवंच. त्यात हिरवा शालू हरवलाच असता, डाळिंबी मात्र लांबूनही उठून दिसली. सासूबाईंना लाल मिळाला. हिरवा चुडा काचेचा भरला, लाखेच्या बांगड्या एकही नाही. म्हणजे हिरवाही राहिला.

पांढुरक्याला नाव काय द्यायचं यावर घरात हसून मुरकुंडी वळली. दुकानदार हस्तिदंती म्हणाला. लेक म्हणाली, दंतवाणिज्यसुद्धा कर्मादानात आहे. जाऊबाईंनी मोतिया सुचवला, तर मोतीही शिंपल्यातल्या जिवाचा. शेवटी आम्ही त्याला कापशी म्हणायचं ठरवलं. मांडवाला वर कोरा, न धुतलेला मांजरपाट ताणला. भर दुपारी शुभ्र कापड डोळ्यांवर येतं, कोरा कापशी येत नाही, आणि त्याखालचं ऊन मऊ होतं. फोटोतही चेहरे चांगले आले.

पिवळा रंग मळ्यातून मुद्दाम वगळला. पिकावरच्या माव्याला आणि पांढऱ्या माशीला पिवळा रंग ओढतो, म्हणूनच तर आपण रानात पिवळे चिकट सापळे लावतो. पिवळे पडदे आणि पिवळ्या साड्या नेसून पिकाशेजारी बसलो असतो, तर अंगावर किडे आले असते आणि झटकताना मेले असते. म्हणून हळद घरीच, सकाळी सोप्यात लावली. हळद आणि कुंकू हे एकाच हळकुंडाचे दोन रंग, चुन्यासारखा क्षार लागला की पिवळ्याचा लाल होतो. हळदीच्या डागाला साबण लावल्यावर तो लाल झालेला आपण सगळ्यांनी बघितलाय! त्यामुळे हळदीच्या दिवसाला दुसरा रंग लागलाच नाही.

तोडलेल्या फुलांच्या माळा लावल्या नाहीत. वाळलेली ज्वारीची कणसं, करडईची वाळकी बोंडं, कापसाची बोंडं आणि मातीचे माठ ठेवले. कोपऱ्यात पंचरंगी ध्वज लावला. १९७४ साली महावीर भगवानांच्या २५०० व्या निर्वाण महोत्सवाच्या वेळी सगळ्या पंथांनी मिळून हा ध्वज स्वीकारला. पांढरा अरिहंतांचा, लाल सिद्धांचा, पिवळा आचार्यांचा, हिरवा उपाध्यायांचा आणि गडद निळा साधूंचा. लेकीचे पाहुणे विचारत होते तेव्हा सासूबाईच खुर्चीत बसून एकेक रंग समजावून सांगत होत्या.

सगळं शुद्ध झालं असं मात्र मी म्हणणार नाही. इरकलीचा रंग कारखान्यातलाच आहे. त्यात किडा नाही, पण अशा रंगाचं पाणी नदीत गेलं की काय होतं ते आपण नदीकाठची माणसं बघतोच. पारिजातकाच्या देठांनी रंगवून बघितलेला रुमाल आठवड्यात पुसट झाला. आपण सहा वाटसरूंपैकी पहिलेही नाही आणि सहावेही नाही, मध्येच कुठेतरी आहोत. एक पायरी वर सरकता आलं तर सरकायचं, इतकंच.

लग्नानंतर मांजरपाट उतरवला, धुतला, कापून दुहेरी शिवून त्याची पाणी गाळायची गाळणी केली. साठेक निघाली. नात्यातल्या प्रत्येक घरात एकेक पाठवतेय.

आईचा शालू पेटीतच आहे. लग्नाच्या आदल्या रात्री मी तो काढून मांडीवर घेऊन बसले होते. खोटं कशाला बोलू, वाईट वाटलं, अजूनही वाटतं. लेक शेजारी येऊन बसली आणि तिनं आज्जीच्या लग्नाच्या गोष्टी विचारल्या. पहाटे दोनपर्यंत मी सांगत होते. शालू नेसवला असता तर एवढं बोलणं झालं असतं का, कोण जाणे.

तुमच्याही पेट्यांत आईच्या, सासूच्या साड्या असतील. त्यांचे रंग कुठून आले ते एकदा घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा, आणि कुणाला घरी फुलांचे रंग काढता येत असतील तर मला नक्की कळवा. करडईचा लाल मला अजून जमलेला नाही.

जय जिनेंद्र!